इनास शेवटी उठतो

७ सप्टेंबर १९८६, रविवार

चर्चमधल्या मिस्साहून आले तर ओट्यावर मिंगू बसलेला. इनासच्याच बोटीवरचा खलाशी, पापडी गावचा. सिंगापूरला उतरून सुट्टीवर आलाय. इ. अजून बोटीवरच. बोट परत ब्राझीलला गेली, कच्चं लोखंड भरायला. आई (इ.ची, माझी मी शाळेत असतानाच गेली) मिंगूला फिरून फिरून एकच विचारत होत्या, "बारीक जालाय का रे माजा पोर?"

मिंगूने पिशवी उघडली. आमच्या लीनाला चॉकलेट. मला नायलॉनची साडी, मोठाली फुलं. ही नेसून वर्गावर गेले तर मुलं फळ्याकडे बघायची नाहीत. आणि एक व्हिडिओ कॅसेट. तोच तो सिनेमा! दोन वर्षांपूर्वी ह्यांची बोट सांतोस बंदरात अडकून पडली होती तेव्हा रिकामपणी दोघांनी एका ब्राझिली भुताच्या सिनेमात काम केलं होतं. इ.ने शंभरदा सांगितलं होतं, मी एकदाही खरं मानलं नाही. बंदरावर खलाशांना चोरून विकतात तसली कॅसेट, सिंगापूरला आपल्या मशीनवर चालेलशी उतरवून घेतलेली.

सोबत चिठ्ठी: "रेजिना, आईला दाखव. मी मरतो, पण शेवटी उठतो. तेवढं तिला आधीच सांगून ठेव." तारीख नाही. इ. कधी तारीख घालत नाही आणि कुठे वेळेवर पोचत नाही. स्वतःच्या लग्नाच्या मिस्साला फादरना अर्धा तास ताटकळत ठेवलं होतं. मिंगू सांगत होता, सांतोसला एकदा शिडी वर घेतल्यावर आला, लाँचमधून ओरडत. आई हसल्या. मीही.

९ सप्टें.

रोझा आत्यांना (इ.च्या वडिलांची बहीण, पलीकडचंच घर) कॅसेटचा सुगावा लागला. झालं! "घरात दडवून बघायचा का? आपला पोर परदेशी सिनेमात, सगळ्या आळीनं बघायला नको?" मी म्हटलं, आत्या, भुताचा सिनेमा आहे. म्हणाल्या, "मग? आपन काय भुतं बघितली नाय?"

रविवारी, खळ्यात. नालासोपाऱ्याहून व्हिडिओवाला टीव्ही घेऊन येणार.

१४ सप्टें., रवि.

बारा वाजून गेले. तरी लिहिते.

दिवेलागणीला सुरू केला. सगळी आळी खळ्यात. चटया, पाट, चर्चमधली दोन बाकं. पलीकडच्या वाडीतले नानासुद्धा खुर्ची घेऊन आले. आधी नावं आली, त्यात खाली बारीक अक्षरात "इनासियो". लीनाने मोठ्यांदा वाचलं. टाळ्या. आईंनी पदर डोळ्यांना लावला. इथपर्यंत सगळं छान.

सिनेमा गरिबाचा. थोडा रंगीत, मग काळापांढरा, परत रंगीत. (मिंगू म्हणाला, फिल्मचे उरलेसुरले तुकडे गोळा करून काढलाय. जिथे रंगीत संपली तिथे संपली.) माणूस टेकला की भिंत हलते. पण कोणी हसेना. कारण ते गाव! नारळ, केळी, राहाट, तिठ्यावर हार घातलेला क्रूस, डोक्यावर फडकी घेतलेल्या म्हाताऱ्या. आत्या म्हणाल्या, "अगो, हा तर आपला होळी गाव." लांबचं भूत बघायला बसलो होतो, ते आपल्याच आळीत निघालं.

गोष्ट अशी: उसाच्या मळ्याचा मालक मजुरांच्या विहिरीत विष घालतो. पहिला मरतो तो इ. पाणी पितो, गळा धरतो, पडतो. शाळा चुकवायला पोरं पोट धरतात तसलं काम. मी खुदकन हसले.

मग पेटी. पेटीत इ. हात छातीवर, बोटांत रोझरीची माळ गुंडाळलेली, नाकात कापूस, उशाशी मेणबत्त्या. आपल्याकडे ठेवतात तस्सा. हसू गेलं माझं.

सिनेमातल्या बाया गुडघे टेकून रोझरी म्हणायला लागल्या, त्यांच्या भाषेत. आत्या तरुणपणी वांद्र्याला एका गोवेकरांकडे स्वयंपाकाला होत्या. तिथली म्हातारी पोर्तुगीजमधून रोझरी म्हणायची. आत्यांच्या तोंडून प्रार्थनेचं उत्तर निघून गेलं. मग शेजारणीच्या, मराठीत. मग बाकांवरच्या सगळ्यांच्या. कोणी ठरवलं नव्हतं. समोर मयत आणि कानावर रोझरी, म्हटल्यावर आमच्या बायकांना गप्प बसवतच नाही. मी ओरडले, "अहो सिनेमा आहे! तो शेवटी उठतो!" कोण ऐकतंय. आणि सुरू केलेली रोझरी अर्ध्यावर सोडायची नाही, हे तर दुधाबरोबर पाजलेलं. सिनेमा पुढे गेला, विजा कडाडल्या, खळ्यात रोझरी चालूच. प्रत्येक दहा मण्यांच्या शेवटी ती मेलेल्याला शांती मागणारी ओळ. नाव घेऊन. "इनासला."

मी उठण्याची वाट बघत बसले. शेवटी मालक घरात एकटा, दार वाजतं, तो दार उघडायला जातो... आणि पडद्यावर परकी तीन अक्षरं. संपला. इ. उठलाच नाही.

आईंना डोळ्यांनी कमी दिसतं. माझा हात धरून विचारलं, "उठला का?"

मी हात सोडवून चटया गोळा करायला लागले.

१५ सप्टें.

सकाळी आत्या चहाची किटली आणि पाव घेऊन आल्या. आमच्याकडे काय चहा होत नाही? मयताच्या घरी दुसऱ्या दिवशी शेजारी आणतात तसा आणला. त्यांच्या लक्षातही नसेल.

दुपारी आईंचं एकच वाक्य: "मेल्याची प्रार्थना जित्यावर पडली."

मी शिकलेली. सातवीला विज्ञान शिकवते. मला भीती वाटायचं काही कारण नाही.

वाटतेय.

१८ सप्टें.

मिंगूला बोलावून चांगला फैलावर घेतला. उठतो म्हणालात, कुठे उठतो? बिचारा मान खाली घालून सांगत बसला. त्यांच्याकडे तेव्हा लष्कराचं राज्य. शेवटी विहिरीचं पाणी पिऊन मेलेले सगळे मजूर पेट्यांतून उठतात आणि मालकाच्या दारात येऊन उभे राहतात. मारत नाहीत, बोलत नाहीत, नुसते उभे. "सरकारी साहेबाला वहिनी, तो मोर्चा वाटला. म्हणाला, कापा. आम्हाला वाटलं, कॅसेटवर तरी अख्खा असेल." कापला. ज्या गोष्टीसाठी सिनेमा काढला तीच गेली.

सिनेमा काढणारा पूर्वी दुकानांच्या पाट्या रंगवायचा. सगळे त्याला मेस्त्री म्हणत. पैसा नाही, स्टुडिओ नाही, नट नाहीत. खलाशी, हमाल, पाववाला, मिळेल तो उभा. पोटभर जेवण हाच पगार. धुकं म्हणजे जुने टायर आणि उसाची चिपाडं पेटवलेली. ते काम मिंगूकडे, अजून खोकला येतो म्हणतो. असल्या सिनेमांना तिथे मोठे लोक नाकं मुरडतात आणि गावोगावी गरीब लोक रांगा लावतात. मेस्त्री म्हणायचा म्हणे, आमच्या लोकांना भूत म्हणजे काय ते सांगावं लागत नाही, मालक दाखवला की पुरतं.

मग मिंगूच्या तोंडून नको ते निघालं. त्या रोझरीवाल्या बाया नट्या नव्हत्या. त्याच गावच्या. मेस्त्रीने दोन मिनिटं म्हणा सांगितलं, त्या थांबेचनात. तो ओरडला, तरी नाही. सुरू केलेली अर्ध्यावर सोडत नाहीत म्हणाल्या. शेवटी मेस्त्रीने टोपी काढली आणि फिल्म संपेपर्यंत कॅमेरा चालू ठेवला.

म्हणजे तिथेही खरीच म्हटली. दोन गावांनी, दोन भाषांत.

आणि पेटी? "पेटी भाड्याची, वहिनी. दुपारी घाईनं परत द्यावी लागली. गावात कोणतरी खरंच गेलेलं." हे आईंना सांगू नको म्हटलं. आई दाराआडच होत्या.

मेस्त्री कापलेले तुकडे टाकत नाही, बिस्किटांच्या डब्यात ठेवतो. सांतोसहून त्याच्या घरी बसने जाता येतं. सांतोसच्या एजंटच्या पत्त्यावर इ.ला लिहिलं: तो उठण्याचा तुकडा घेऊन ये. वेडी म्हण, काही म्हण. आण.

२८ सप्टें., रवि.

मिस्सा झाल्यावर फादरना गाठलं. मनमोकळे हसले. म्हणाले, "रेजिना, तू शिक्षिका ना? प्रार्थना ही काय गोळी आहे, चुकून सुटली तर लागायला?" बरं वाटलं. फाटकापर्यंत आले आणि पुढे म्हणाले, "आणि कुठलीच प्रार्थना वाया जात नाही. देव ती ठेवून देतो, लागेल तेव्हा वापरतो."

ठेवून देतो. लागेल तेव्हा. हे बोलले नसते तर नसतं का चाललं?

५ ऑक्टो.

लीना आणि आत्यांच्या नाती ओट्यावर खेळत होत्या. लीना बाकावर आडवी, छातीवर झेंडूची फुलं, बाकीच्या गुडघ्यांवर. "काय चाललंय?" "पप्पांचा सिनेमा." म्हटलं, ऊठ आधी. डोळे न उघडता म्हणाली, "सिनेमात उठत नाही, मम्मी."

मारलं मी तिला. ती रडली, मग मीही. आईंनी दोघींना जवळ घेतलं. मारायला नको होतं. आठ वर्षांच्या पोरीला काय कळतं.

१२ ऑक्टो.

सोपाऱ्याला कापड आणायला गेले. स्टेशनजवळ त्या व्हिडिओवाल्याचं पत्र्याचं पार्लर. फळ्यावर खडूने: "ज़हरीला कुआँ. फ़ॉरेन हॉरर. रोज़ तीन शो". आतून शिट्ट्या. त्या दिवशी कॅसेट त्याच्या मशीनला लावली होती, तेव्हाच त्याने कॉपी मारली असणार.

आत गेले. बाई मी एकटीच. कारखान्यातून सुटलेली माणसं बाकांवर दाटीने बसलेली. इ. गळा धरून पडला, हशा पिकला. एक जण ओरडला, "अबे ओवरएक्टिंग!" रोझरी आली तसे पाय आपटायला लागले, "आगे बढ़ाओ!" आश्चर्य म्हणजे मला बरं वाटत होतं. हसा, अजून हसा. इथे त्याला मेलेला कोणी मानत नाही.

त्याआधी विहिरीच्या भागाला मात्र कोणी शिटी मारली नव्हती. मालक काठावर उभा राहून विष ओततो आणि रुमालाने हात पुसतो. शेजारचा माणूस हळूच म्हणाला, "हमारे सेठ जैसा है." भाषेचं अक्षर कळत नाही आणि गोष्ट सगळी कळलेली.

व्हिडिओवाल्याला म्हटलं, बंद करा, तो माझा नवरा आहे. "भाभी, पब्लिक को बहुत पसंद है. सब पूछते हैं, पहला मुर्दा असली है क्या?" तिथून कशी बाहेर पडले माझं मला माहीत. रोज तीन खेळ. रोज तीनदा मरतो.

२ नोव्हें., रवि. मृतांचा दिवस

सुट्टी. नानांच्या वाडीत दिवाळीचे दिवे, आमच्याकडे कबरींवर मेणबत्त्या. संध्याकाळी आई, लीना, मी. सासऱ्यांच्या कबरीवर शेवंती घातली. आपल्या घरातल्या गेलेल्यांच्या नावाने एकेक मेणबत्ती लावून आई पाणी आणायला गेल्या. मी बघते तर एक जास्त. थोडी बाजूला, आडोशाला लावलेली, आमच्या मेणबत्त्यांपेक्षा जाड.

आत्या दोन कबरी पलीकडे उभ्या होत्या. माझ्याकडे बघेनात. "मी लावली गो. असू दे. मनाला बरं वाटलं."

कोणासाठी ते त्यांनी सांगितलं नाही, मी विचारलं नाही. वाकले आणि फुंकर मारून विझवली. विझल्यावर कळलं काय केलं ते. मृतांच्या दिवशी कोणी मेणबत्ती विझवतं? जिवंत माणसाच्या नावाची होती म्हणून विझवली. पण फुंकर मारून विझवली ती त्याच्याच नावाची ना?

परत लावावी तरी पंचाईत, न लावावी तरी पंचाईत. वात धुमसत होती. तशीच सोडून आले.

९ नोव्हें.

मिंगू आला. आत येईना, चपला काढेना. मी ओळखलं.

बोट ब्राझीलहून लोखंड भरून निघाली. आफ्रिकेच्या टोकाला तेल घ्यायला लागायची होती, लागली नाही. वायरलेसही नाही. "वहिनी, वायरलेस बंद पडतो. वादळात लांबच्या वाटेनं नेतात." लोखंडाच्या बोटी कशा जातात हे इ.नेच मला एकदा सांगितलं होतं: खाली ओझं, पाणी शिरलं की हाक मारायला वेळ नसतो. तेव्हा मी भाकऱ्या थापत होते. अर्धं ऐकलं होतं.

आईंना काय सांगू.

११ नोव्हें.

फोर्टला कंपनीच्या ऑफिसात गेले, मिंगू बरोबर. कारकुनाने बसायला खुर्ची दिली. एरवी तिथे बायकांना कोणी खुर्ची देत नाही. म्हणाला, शोध चालू आहे, आशा ठेवा. इ.चं नाव? आहे, पण ही यादी बोट सांतोसला लागतानाची. सुटतानाची त्यांच्याकडे आलेली नाही.

घरी आले तर आईंनी विचारलंच नाही. त्यांना माहीत होतं. आळीत सगळ्यांनाच माहीत होतं.

१६ नोव्हें., रवि.

दिवसभर माणसं. येतात, बसतात, हळू बोलतात. आत्या काळं लुगडं नेसून आल्या. मी म्हटलं, आत्या, तुम्हाला दुसरं लुगडं नाही का? त्या रडायला लागल्या. "माज्या तोंडून निघाली गो पयली. मीच त्याला पोचवला." दोन महिने मनात हेच घेऊन बसल्या होत्या, आणि मी त्यांच्यावर डोळे वटारत होते. त्यांना जवळ घ्यायला हवं होतं. जमलं नाही.

कोणीतरी हळूच म्हणालं, फादरना मयताच्या मिस्सासाठी विचारून ठेवायला हवं.

तेव्हा आई उठल्या. दोन महिन्यांत ज्यांचा आवाज ऐकला नाही त्या आई. "कसली मिस्सा? रोजे, रडू नको. त्या दिवशी मेल्याची रोझरी आधी म्हनली ना समद्यांनी? मग आता आल्याची बी आधी म्हना. क्रूसाजवल. पुढच्या रविवारी. कोन येनार नाय ते आताच सांगा."

आमच्याकडे बोटीवरचा माणूस सुखरूप घरी आला की तिठ्यावरच्या क्रूसापुढे आभाराची रोझरी होते. आला की. यायच्या आधी कोणी केल्याचं मी ऐकलेलं नाही. कोणीच ऐकलेलं नाही. सगळे एकमेकांकडे बघायला लागले. फादर काय म्हणतील, कोणीतरी पुटपुटलं. आई म्हणाल्या, "त्या दिवशी फादरला इचारलं होतं?"

२३ नोव्हें., रवि.

वाटलं होतं चार-सहा जणी येतील. सगळी आळी आली. क्रूसाला नानांनी बागेतल्या मोगऱ्याचा हार पाठवला, ह्या दिवसांत मोगरा त्यांनी कुठून काढला देव जाणे. आईंनी शेंगदाणे, चणे, ओल्या खोबऱ्याच्या कातळ्या परातीत भरून आणल्या. सण असला की वाटतात तशा.

सुरुवात आत्यांनी करायची, आईंचा हट्ट. आत्या माळ चाचपत राहिल्या. काळं लुगडं सोडून हिरवं नेसल्या होत्या. आई म्हणाल्या, "म्हन." मग म्हणाल्या आत्या. पहिले दोन शब्द पोर्तुगीज निघाले, मग मराठी.

माझ्या तोंडून आभाराचे शब्द निघत नव्हते. न मिळालेल्या गोष्टीचे आभार कसे मानायचे? देवाला खोटं सांगतोय, त्याला राग आला तर? मागे मिंगू उभा होता, टोपी हातात, हुंदके देत. त्याच्याकडे बघून वाटलं, हा का उतरला सिंगापूरला आणि इ. का नाही. असलं मनात येतं आणि ओठांवर रोझरी. शेवटी मीही म्हटलं. "इनास सुखरूप आला म्हणून." सगळ्यांनी म्हटलं.

चणे वाटले. लीनाने दोन मुठी खाल्ले. घरी येताना आई नीट चालत होत्या. मला मात्र प्रत्येक पावलाला वाटत होतं, आता मागून कोणी बातमी घेऊन येईल.

२९ नोव्हें.

काही नाही. कंपनीला फोन केला, पोस्टातून. "अजून काही नाही, बाई." वर्गात विद्राव्यता शिकवताना मधेच थांबले. पाण्यात काय विरघळतं, काय नाही. मुलं वाट बघत राहिली.

६ डिसें.

पाकीट. ब्राझीलचं तिकीट. इ.चं अक्षर.

उघडवेना. स्वयंपाकघरात जाऊन दार लावून घेतलं आणि उघडलं. कागदात गुंडाळलेली फिल्मची पट्टी, वीतभर. आणि चार ओळी: "रेजिना, तुझ्या पत्रावर मेस्त्री पोट धरून हसला, मग डोळे पुसले. म्हणाला, सरकार बदललं तरी पूर्ण सिनेमा लावायला मला कोणी बोलावलं नाही, आणि वसईची बाई मागतेय. एवढाच तुकडा शाबूत राहिला, बाकीचा बुरशीने खाल्ला. जेवून जा म्हणतोय. संध्याकाळची बस पकडतो. बोट उद्या सुटेल बहुतेक. आईला सांग. इनास."

तारीख नाही! आयुष्यभर सांगून थकले. शिक्का बघितला, तो पावसात भिजून नुसता निळा डाग. मिंगूला दाखवला, त्याने भिंग लावून बघितला. काही नाही.

मग मिंगू एकदम म्हणाला, "वहिनी, 'बहुतेक' लिहिलंय. बोट कधी सुटणार हे त्याला नक्की ठाऊक नव्हतं. आणि मेस्त्रीकडचं जेवण... तिथून लवकर कोणी सुटत नाय." भिंग पुसत बसला. मलाही उच्चारायची भीती वाटली. बोट चुकली असेल? चुकली असती तर तार नसती केली? मिंगू म्हणतो, कागदपत्रं बोटीवर, खिशात काही नाही, पोलिसांनी धरलं तर महिनोन् महिने पत्ता लागत नाही. आणि बोट चुकवलेला खलाशी घरी कळवायला लाजतो.

इ. लाजेल? लाजेल.

ह्याच्या उशिरावरून मी किती भांडलेय. लग्नापासून. लीनाच्या बाप्तिस्म्याला उशीर, माझ्या बाळंतपणाला उशीर, स्वतःच्या बापाच्या मयताला उशीर. देवा, तेवढं एक भांडण मी परत घेते. त्याला उशीर झालेला असू दे.

७ डिसें., रवि.

सकाळी आईंना ओट्यावर उन्हात बसवलं आणि पट्टी दाखवली. त्यांना त्यातलं काय दिसणार. मी उजेडावर धरून एकेक चौकट सांगत गेले. काळंपांढरं. पेटी. मेणबत्त्या. पहिल्या चौकटींत तो तसाच पडलेला. मग हात छातीवरून सुटलेले, रोझरी लोंबतेय. मग मान वर. नाकातला कापूस काढायला विसरलेत. मग बसलेला. मग एक हात पेटीच्या कडेवर आणि एक पाय बाहेर, पाऊल अजून जमिनीला टेकलेलं नाही.

तिथे पट्टी तुटलेली.

मी पुन्हा पहिल्या चौकटीपासून बघितली. पाऊल काही टेकत नाही. लीना बाजूला उभी राहून बघत होती. पलीकडून आत्या कुंपणाशी आल्या.

आईंनी माझं मनगट धरलं. "उठला का?"

"उठतोय, आई."